माशांची आडनावं आणि माणसांची

बांगडा साफ करताना कल्ल्यावरचं झाकण उचलून पाहा. लाल कल्ल्यांच्या आतल्या अंगाला लांब, बारीक काड्यांची दाट रांग दिसते. बांगडा तोंड उघडं ठेवून पोहतो, पाणी कल्ल्यांतून बाहेर जातं आणि त्यातले सूक्ष्म जीव या काड्यांत अडकतात. तेच त्याचं जेवण. या काड्या पाहून नाव ठेवणाऱ्यांना दंताळं आठवलं, म्हणून बांगड्याच्या शास्त्रीय नावातला पहिला शब्द 'रास्ट्रेलिगर', म्हणजे दंताळं बाळगणारा. दुसरा शब्द 'कानागुर्ता'. तो लॅटिन नाही आणि ग्रीकही नाही. तो तेलुगू आहे.

विशाखापट्टणमचे मच्छीमार बांगड्याला ज्या नावानं ओळखत, ते नाव पॅट्रिक रसेल या स्कॉटिश डॉक्टरनं टिपून घेतलं. ईस्ट इंडिया कंपनीच्या नोकरीतला हा माणूस सापांवरच्या कामासाठी जास्त प्रसिद्ध आहे. पण त्या किनाऱ्यावरचे २०० मासेही त्यानं चित्रांसह पुस्तकात आणले, १८०३ साली. पुढे पॅरिसमध्ये प्राणिशास्त्रज्ञ जॉर्ज क्युव्हिए यांनी त्यातल्या चित्राच्या आधारे १८१६ साली बांगड्याला 'कानागुर्ता' हे नाव शास्त्रात दिलं. आता मालवणचा बांगडा असो की पूर्व आफ्रिकेच्या किनाऱ्यावरचा, जगभरच्या कागदपत्रांत तो कानागुर्ताच आहे.

एका नावाची गरज का पडते, हे आपल्या किनाऱ्यावरूनच कळतं. आपला बांगडा मंगळूरला बंगुडे होतो आणि केरळात अयला. मालवण-गोव्याकडची मुडदुशी मंगळूरच्या बाजारात काणे म्हणून विकली जाते. मासा पोहत पोहत राज्याची हद्द ओलांडतो, त्याचं नाव मात्र तिथेच थांबतं. माशांच्या जाती ३६ हजारांहून अधिक आहेत आणि दरवर्षी त्यात काही शे नव्यांची भर पडते. एवढ्या पसाऱ्यात प्रत्येकाचं एकच, सर्वांना मान्य असं नाव नसेल, तर कोण कशाबद्दल बोलतंय हेच कळणार नाही.

आज वापरली जाणारी दोन शब्दांची पद्धत रूढ केली ती स्वीडनच्या कार्ल लिनियस या निसर्ग अभ्यासकानं. त्याच्या ग्रंथाची दहावी आवृत्ती १७५८ साली निघाली आणि प्राण्यांच्या शास्त्रीय नावांची मोजणी त्या वर्षापासूनच सुरू होते. त्याआधी एका माशाचं नाव म्हणजे लॅटिनमधलं एक लांबलचक वाक्य असे. लिनियसचं माशांवरचं काम बरंचसं त्याच्या पीटर आर्टेडी या मित्राच्या अभ्यासावर उभं आहे. आर्टेडी १७३५ साली अॅम्स्टरडॅमच्या कालव्यात बुडून मरण पावला, तेव्हा तो तिशीचाच होता. लिनियसनं त्याची हस्तलिखितं मिळवली आणि १७३८ साली छापली. मत्स्यशास्त्राचा जनक म्हणून आर्टेडीचं नाव घेतलं जातं, आणि तो मान त्याचाच आहे.

पद्धत समजायला सोपी आहे. आपल्याकडे मतदार यादीत आधी आडनाव छापतात आणि मग नाव. माशाचंही तसंच. पहिला शब्द वंशाचा, म्हणजे आडनाव. ते जवळच्या नात्यातल्या अनेक जातींना सामाईक असतं. दुसरा शब्द त्या एका जातीचा. रोहू म्हणजे 'लेबिओ रोहिता'. लेबिओ आडनावाचे मासे पुष्कळ आहेत, पण त्यांतला रोहिता एकच.

गंमत अशी, की जगाला अशी आडनावं देणाऱ्या लिनियसचं स्वतःचं आडनाव जेमतेम एका पिढीचं होतं. त्याच्या वडिलांच्या काळी स्वीडनमधल्या सामान्य घरांत आडनाव नसायचंच, बापाच्या नावावरून मुलगा ओळखला जाई. वडील निल्स इंगेमारसन विद्यापीठात दाखल झाले तेव्हा त्यांना आडनाव हवं होतं. घराच्या जमिनीवर लिंडन जातीचं मोठं झाड होतं, त्यावरून त्यांनी 'लिनियस' हे नाव घेतलं.

नावापुढे बहुधा एका माणसाचं नाव आणि वर्ष लिहिलेलं असतं, उदाहरणार्थ बोंबलाच्या बाबतीत (हॅमिल्टन, १८२२). ज्यानं त्या जातीचं शास्त्रीय वर्णन पहिल्यांदा छापलं, तो हा माणूस. कंसालाही अर्थ आहे. कंस असेल तर समजावं, की त्या माणसानं मासा दुसऱ्या वंशात ठेवला होता आणि नंतर कुणीतरी त्याचं आडनाव बदललं. दुसरा शब्द आणि मूळ नाव देणारा तेच राहतात. एकाच माशाला दोघांनी दोन नावं दिली असतील, तर सहसा जुनं नाव टिकतं. हे नियम सांभाळायला १८९५ पासून एक आंतरराष्ट्रीय आयोग आहे. नवी जात जाहीर करायची तर त्या माशाचा एक खरा नमुना संग्रहालयात जपून ठेवावा लागतो. उद्या वाद झाला, तर निवाडा त्या बरणीतल्या माशाकडे पाहून होतो.

आता नावांत काय काय दडलेलं असतं ते पाहू. सर्वांत साधी नावं वर्णनाची. रावस हातात घेतला की छातीच्या पराखाली सुटे, लांब धागे लोंबताना दिसतात. एका बाजूचे मोजा, चार भरतील. रावसाचं नाव 'इल्युथेरोनेमा टेट्राडॅक्टिलम', म्हणजे सुट्या धाग्यांचा, चार बोटांचा. हलव्याच्या नावातला 'नायजर' म्हणजे काळा. बोंबलाचा वंश 'हार्पाडॉन', विळ्यासारख्या वाकड्या दातांचा. ताज्या बोंबलाचा जबडा जपून उघडला की ते दात दिसतात. निवटीचा वंश 'बोलिओफ्थाल्मस'. चिखलात डोकं वर काढून बसलेली निवटी ज्यानं पाहिली आहे, त्याला 'बाहेर फेकलेल्या डोळ्यांची' हा अर्थ समजावून सांगावा लागणार नाही.

मला याहून जास्त ओढ वाटते ती ऐकून घेतलेल्या नावांची. कर्लीचं शास्त्रीय नाव 'कायरोसेंट्रस डोराब'. यातला डोराब अरबी आहे. पीटर फोर्सकोल हा लिनियसचा विद्यार्थी डेन्मार्कच्या राजानं पाठवलेल्या मोहिमेबरोबर १७६१ मध्ये अरबस्तानाकडे निघाला. तांबड्या समुद्राच्या काठी तो मच्छीमारांना माशांची नावं विचारत गेला आणि ती तशीच नोंदवत गेला. माशाची अर्धी कातडी सोलून, वाळवून, झाडाचं पान डकवावं तशी ती कागदावर चिकटवत असे. कोपनहेगनच्या संग्रहालयात त्याचे हे कागदावरचे मासे अजून आहेत. १७६३ साली येमेनमध्ये तापानं त्याचा अंत झाला. मोहिमेतले इतर सोबतीही एकेक करून गेले. एकटा कार्स्टन नीबुर वाचला, तो त्याच वर्षी मुंबईत पोहोचला, तिथे राहिला आणि घारापुरीच्या लेण्यांची रेखाटनं करून गेला. घरी परतल्यावर त्यानं मित्राच्या नोंदी १७७५ मध्ये छापल्या. तांबड्या समुद्रावर विचारलेलं कर्लीचं नाव असं वाचलं. मुडदुशीच्या 'सिलागो सिहामा' या नावातला सिहामाही त्याच नोंदींतला.

हेच काम आपल्या दख्खनच्या नद्यांवर झालं. विल्यम हेन्री साइक्स हा कंपनीच्या मुंबई लष्करातला अधिकारी. सरकारसाठी आकडेवारी गोळा करायला तो पुण्याच्या आसपास फिरला आणि फिरता फिरता पक्षी, मासे, सगळं टिपत राहिला. १८३९ साली त्यानं दख्खनच्या माशांची वर्णनं छापली आणि नावं देताना नदीकाठी ऐकलेले शब्द सरळ वापरले. मुळा-मुठेतल्या महसीरला त्यानं नाव दिलं 'खुद्री'. आज तो 'टॉर खुद्री'. दगडाला चिकटून राहणारा छोटा मळ्या झाला 'गारा मुल्या'. चाकणजवळ इंद्रायणीत मिळालेल्या एका माशाच्या नाकाडावर खोल खाच आणि पुढे आलेला उंचवटा असतो. त्याचं नाव 'नुक्ता', हाही तिथलाच शब्द. 'रोहटी ओगिल्बी' या नावाचा तर मला विशेष लोभ आहे. ओगिल्बी हे लंडनच्या प्राणिशास्त्र संस्थेतल्या एका आयरिश माणसाचं नाव, आणि वंशाचं नाव रोहटी, मराठी. म्हणजे आडनाव मराठी आणि नाव परदेशी. साइक्सचं इंग्रजी वर्णलेखन जुन्या वळणाचं, दख्खनला तो 'दुखुन' लिहायचा, त्यामुळे शब्द थोडे वाकडे झाले आहेत. तरी दोनशे वर्षांपूर्वी भीमेच्या खोऱ्यात माशांना काय म्हणत, याचा तेवढा पुरावा आपल्याकडे आहे, आणि तो लॅटिन नावांच्या यादीत आहे.

ही रीत मराठी माणसांनीही चालवली. मुंबई राज्याच्या मत्स्य खात्यातले सी. व्ही. कुलकर्णी यांनी १९५२ मध्ये कृष्णेच्या खोऱ्यातल्या एका छोट्या माशाचं वर्णन केलं. तो दुसऱ्या माशांच्या अंगावरचे खवले ओरबाडून खातो. नदीवरच्या लोकांनी त्याला आधीच नाव ठेवलं होतं: खवलचोर. कुलकर्ण्यांनी तेच शास्त्रात नेलं. वंश नंतर बदलला, पण 'खवलचोर' जसाच्या तसा राहिला, कारण दुसरा शब्द बदलत नाही. माशाचं निरीक्षण, त्याची सवय, त्याचा अपराध, सगळं एका शब्दात आलंय, आणि ते निरीक्षण मुळात जाळं टाकणाऱ्याचं आहे.

माणसांच्या नावावरून दिलेली नावं वेगळी कथा सांगतात. मांदेली म्हणजे 'कोइलिया डुसुमिएरी', आणि निवटीच्या नावातही पुन्हा 'डुसुमिएरी'. हा जाँ-जाक ड्युसुमिए बोर्दोचा व्यापारी आणि जहाजमालक. आपल्या समुद्रात व्यापाराला यायचा आणि परत जाताना पॅरिसच्या संग्रहालयासाठी मासे घेऊन जायचा. सुरमईच्या नावातला कॉमर्सन हा फ्रेंच निसर्ग अभ्यासक. १७७३ मध्ये मॉरिशसला तो वारला आणि त्याच्या कागदांवरून लासेपेद या दुसऱ्या फ्रेंच अभ्यासकानं पुढे सुरमईला नाव दिलं. पुरुषाच्या नावावरून नाव दिलं तर शेवटी 'इ' लागते, स्त्रीच्या नावावरून दिलं तर 'ए'. गावाच्या नावावरून द्यायचं तर 'एन्सिस' हा प्रत्यय. मत्स्यशास्त्रज्ञ सुंदरलाल होरा यांनी १९३८ साली एका माशाला 'पूनाएन्सिस' म्हटलं. आपला 'कर' हेच काम करतो, म्हणजे तो मासा पुणेकर. २०१३ साली 'सह्याद्रिया' हा नवा वंश मांडणाऱ्या अभ्यासकांत पुण्याचे नीलेश डहाणूकर होते. एका माशांच्या अभ्यासकाचं आडनाव मासेमारीच्या गावावरून आलेलं असावं, हे मला फार आवडलं.

बोंबलाच्या नावापुढच्या हॅमिल्टनचीही आडनावाची गोष्ट आहे. हा कंपनीचा डॉक्टर फ्रान्सिस ब्युकॅनन म्हणून भारतात वावरला. गंगेच्या खोऱ्यातले २६९ मासे त्यानं १८२२ च्या पुस्तकात दिले, बऱ्याचशांना बंगालकडची नावं दिली. रोहू आणि मृगळ हे त्यातलेच. पण पुस्तक निघेपर्यंत आईच्या घराण्याची जमीनजुमला वारशानं आली होती आणि त्याबरोबर तिचं हॅमिल्टन हे आडनावही. त्यामुळे जुन्या ग्रंथांत हा एकच माणूस ब्युकॅनन, हॅमिल्टन आणि हॅमिल्टन-ब्युकॅनन अशा तीन रूपांत भेटतो.

माशांवरून आलेली माणसांची आडनावंही जगभर आहेत, आणि बहुतेक धंद्यातून आलेली. जर्मन फिशर, इंग्रजी फिशर, पोलिश रिबाक, हंगेरियन हालास, सगळे मासे धरणारे. संख्याशास्त्र शिकलेल्यांना पॉयसाँ वितरण ठाऊक असेल. ज्या फ्रेंच गणितज्ञाच्या नावावर ते आहे, त्याच्या आडनावाचा अर्थ चक्क मासा.

आपल्याकडे मात्र थेट माशावरून आडनाव कमी आणि होडीवरून, जाळ्यावरून जास्त. तांडेल म्हणजे होडीवरच्या माणसांचा म्होरक्या. नाखवा हा फारसी 'नाखुदा'तून आला, जहाजाचा धनी. सारंग म्हणजे खलाशांवरचा अधिकारी. कोकणातल्या सारंगांचा रागाशी किंवा हरणाशी संबंध नाही. पाग म्हणजे हातानं फेकायचं जाळं, आणि काणकोणकडचं पागी हे आडनाव त्याच्याशी जोडलं जातं. पालघरपासून गुजरातेपर्यंत माछी आहेत, नद्यांवर भोई आहेत, ज्यांच्याकडे मासेमारीबरोबर पालखी वाहण्याचंही काम होतं. किनाऱ्यावर खारवी आहेत. यातली कित्येक नावं आधी हुद्दे होते. शाळेच्या पटावर आणि सरकारी दप्तरात ती चढली आणि मुलाला होडी चालवता येवो न येवो, तो तांडेल राहिला.

इथे एक सावधगिरी बाळगायला हवी. आडनाव ऐकून अर्थ काढायची घाई अंगाशी येते. इंग्रजी सॅमन हे आडनाव पुष्कळदा माशावरून आलेलं नसतं, ते सॉलोमनचं झिजलेलं रूप असतं. आपल्याकडे कोळी म्हटलं की समुद्र आठवतो, पण महादेव कोळी डोंगरात शेती करणारे आहेत. नाव सारखं असलं म्हणून मूळ एक असतंच असं नाही.

माशांच्या बाबतीत हीच चूक महागात पडते. कावेरीतला पाठीवर उंचवटा असलेला महसीर शे-दीडशे वर्षं गळ टाकणाऱ्या जगभरच्या शौकिनांना माहीत होता. पन्नास किलोंच्या वरचा मासा पकडल्याची नोंद आहे. इतका प्रसिद्ध मासा, पण त्याला नीट शास्त्रीय नावच नव्हतं. कुणी त्याला साइक्सनं दिलेल्या एका दख्खनी नावाखाली टाकत होतं, कुणी नुसता महसीर म्हणत होतं. दरम्यान लोणावळ्याला आपल्या टॉर खुद्रीची पिल्लं कृत्रिम रीतीनं वाढवण्यात यश आलं होतं आणि ती पिल्लं कावेरीतही सोडली गेली. हेतू चांगला होता: महसीर कमी होतोय, महसीर सोडू. पण सोडलेला महसीर वेगळा आणि कमी होणारा वेगळा होता. खुद्री वाढला, कावेरीचा मूळ मासा मागे पडत गेला. २०१८ मध्ये अभ्यासकांनी दाखवून दिलं, की केरळातल्या पांबर नदीतून आधीच वर्णन झालेला 'टॉर रेमादेवी' म्हणजेच हा मासा. रेमा देवी या भारतीय प्राणी सर्वेक्षण विभागातल्या मत्स्यशास्त्रज्ञ. नाव नक्की झालं, आणि त्याच वर्षी तो अतिसंकटग्रस्त जातींच्या यादीत आला. नाव नसलेल्या जातीला त्या यादीत सहसा जागा मिळत नाही.

उलट उदाहरणही जवळचंच आहे. आंबोलीत हिरण्यकेशीच्या उगमापाशी मिळालेल्या छोट्या माशाचं २०२० मध्ये 'शिस्टुरा हिरण्यकेशी' असं नामकरण झालं, आणि २०२१ मध्ये राज्य सरकारनं ती जागा जैवविविधता वारसा स्थळ म्हणून जाहीर केली. नाव आणि संरक्षण यांत इतकं कमी अंतर फार क्वचित पाहायला मिळतं.

आणि आता पापलेट. सप्टेंबर २०२३ मध्ये तो महाराष्ट्राचा राज्यमासा झाला. पुस्तकांतून आपण वर्षानुवर्षं त्याचं नाव 'पाम्पस अर्जेन्टियस' असं वाचत आलो. अर्जेन्टियस म्हणजे चांदीचा, ऑयफ्रासेन या स्वीडिश अभ्यासकानं १७८८ साली दिलेलं. पण २०१९ मध्ये भारतीय संशोधकांनी पराच्या काट्यांची मोजदाद आणि डीएनए दोन्ही तपासून मांडलं, की आपल्या समुद्रातला पापलेट हा चीनकडच्या पॅसिफिक पाण्यातल्या अर्जेन्टियसहून वेगळा आहे. क्युव्हिएनं त्याला 'कँडिडस', म्हणजे पांढराशुभ्र, असं नाव दिलं होतं. ते मधल्या काळात बाजूला पडलं होतं आणि आता पुन्हा वर आलं. ताटातल्या पापलेटला यानं फरक पडत नाही, होडीवर मात्र पडतो. किती लांबीच्या आतला पापलेट धरू नये, हा नियम मासा पहिल्यांदा अंडी केव्हा घालतो यावर ठरतो. ते मोजमाप सातपाटी, डहाणू, वसईच्या पाण्यातल्या कँडिडसचंच हवं. चीनच्या समुद्रातल्या अर्जेन्टियसवर घेतलेला आकडा उचलून इथे लावला, तर जाळ्यात काय येऊ द्यायचं आणि काय सोडायचं, याचा हिशेब चुकेल.